चिमणरावांच्या बाजूचा माणूस

मी रायपूरचा, गोल बाजारात वाढलेला. आमच्या भागात टीव्ही तसा लवकर आला. १९७५-७६ मध्ये 'साइट' प्रयोगात उपग्रहावरून सहा राज्यांतल्या सुमारे २,४०० खेड्यांना कार्यक्रम दाखवले गेले. त्यांत रायपूरकडची खेडी होती. शेती, आरोग्य, शाळा, सगळं हिंदीतून.

मराठी टीव्ही मुंबईचा. ते केंद्र २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं, पण त्याच्या लहरी आमच्यापर्यंत कुठल्या पोचायला! त्यामुळे 'चिमणराव-गुंड्याभाऊ' ही जोडी गोल बाजारात आली ती माझ्या दादरच्या मावसभावाच्या तोंडून. तो सुट्टीत यायचा आणि दुकानाच्या मागच्या खोलीत अख्खा भाग करून दाखवायचा. तो चिमणराव, मी अंगानं आडवा, म्हणून कायम गुंड्याभाऊ. मला फार राग यायचा. हशा सगळा त्याला!

पुढे दादरला शेजाऱ्यांकडे जमिनीवर बसून मालिका पाहिली. चिं. वि. जोशींची ही माणसं आधी मास्टर विनायकांच्या 'लग्न पहावे करून' या १९४० च्या चित्रपटात दामुअण्णा मालवणकर आणि विष्णुपंत जोगांनी रंगवली होती. टीव्हीवर दिलीप प्रभावळकर चिमणराव आणि बाळ कर्वे गुंड्याभाऊ. कर्वे पेशानं इंजिनिअर, मुंबई महापालिकेत नोकरी. चिमणराव घाबरायचे, गडबडायचे; गुंड्याभाऊ शेजारी ठाम उभा. तो तसा उभा होता म्हणून यांची धांदल दिसत होती. हसू चिमणरावांना येई, पण त्याची अर्धी मेहनत शेजारच्याची.

हे मला नीट कळलं ते फौजेत. तिथे जवानांची 'बडी' जोडी असते. एक पुढे सरकतो, तेव्हा दुसरा त्याला आड देतो. पुढे जाणारा सगळ्यांना दिसतो. पण आड देणाऱ्याचं लक्ष ढळलं, तर पुढचा परत येत नाही.

ऑगस्ट २०२५ मध्ये बाळ कर्वे गेले, वयाच्या पंचाण्णवाव्या वर्षी. बातम्यांत त्यांच्या नावाआधी 'गुंड्याभाऊ' होतं. त्या रात्री मावसभावाचा फोन आला. म्हणाला, "तुला कधी चिमणराव होऊ दिलं नाही रे."

मी म्हटलं, "बरं केलंस."

तुमच्याही शेजारी असा कोणी उभा असेल. त्याला आज एक फोन करा.