खरं नाव

अमेरिकी लेखिका अर्सुला ल ग्विन यांच्या १९६८ सालच्या कादंबरीत ‘अर्थसी’ नावाचं बेटांचं एक काल्पनिक जग आहे. तिथला समज असा, की प्रत्येक वस्तूला आणि माणसाला आदिभाषेतलं एक खरं नाव असतं. ते कळलं, की त्याच्यावर सत्ता चालते. म्हणून माणूस आपलं खरं नाव जिवाभावाच्या एखाद्यालाच सांगतो.

हे मला आधी निव्वळ जादूची गंमत वाटलं. मग लेखिकेच्या वडिलांची हकिगत वाचली. मानववंशशास्त्रज्ञ आल्फ्रेड क्रोबर हे तिचे वडील. १९११ मध्ये कॅलिफोर्नियात ‘याही’ जमातीचा एकटाच उरलेला माणूस सापडला. लोक नाव विचारू लागले. पण त्याच्या रीतीत परक्याला आपलं नाव आपण सांगत नसत. ओळख करून द्यायला आपलं माणूस लागे, आणि ते कुणी उरलंच नव्हतं. क्रोबरांनी त्याला ‘इशी’ म्हटलं. त्याच्या भाषेत त्याचा अर्थ नुसता ‘माणूस’. १९१६ मध्ये तो वारला. खरं नाव त्याच्याबरोबरच गेलं.

आता एखादी भाषा बोलणारं शेवटचं माणूस गेल्याची बातमी आली, की मला वाटतं, याला नावानं हाक मारणारं शेवटचं कोण होतं?