पाषाणातील मिती

शहापूर आणि मुरबाड हे ठाणे जिल्ह्यातील दोन तालुके मुंबईकरांना बहुधा दोन कारणांनी ठाऊक असतात. शहापुराकडील तानसा व भातसा या जलाशयांचे पाणी त्यांच्या नळाला येते, आणि मुरबाडावरून माळशेज घाटाची वाट जाते. परंतु या मुलखात जी वस्तू पावलोपावली दिसते, तिच्याकडे सहसा कोणी लक्ष देत नाही. ती वस्तू म्हणजे तेथील काळा पाषाण. माहुलीच्या सुळक्यांपासून नाणेघाटाच्या कड्यापर्यंत या एकाच खडकाचे राज्य आहे.

पदार्थविज्ञानात अलीकडे एका विचाराला मोठे महत्त्व आले आहे. पदार्थ कशाचा बनला एवढे कळून भागत नाही. त्याचे अणू किती मितींत गुंफले गेले, हेही पाहावे लागते. लांबी ही एक मिती. तिला रुंदीची जोड दिली की दोन, आणि उंचीची दिली की तीन. पेन्सिलीतील काळे शिसे आणि हिरा हे दोन्ही निव्वळ कार्बनच होत. पण शिशात अणूंचे सपाट पदर एकावर एक पडलेले असतात, म्हणून ते कागदावर घासले जाते. हिऱ्यात तेच अणू तिन्ही दिशांनी जखडलेले असतात, म्हणून तो काच कापतो. त्या शिशाचा अवघा एक पदर सुटा करण्याची किमया २००४ मध्ये मँचेस्टर येथे गाइम व नोव्होसेलोव्ह यांनी साधली, आणि २०१० मध्ये त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले.

हाच धडा शहापूर-मुरबाडचा खडक कितीतरी अधिक विस्ताराने शिकवतो. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी भूमीच्या पोटातून तप्त शिलारसाचे लोटांमागून लोट आले व थरांवर थर साचून हा खडक झाला. त्याच्या घडणीचा मूळ घटक एकच. मध्ये सिलिकॉनचा एक अणू व भोवती प्राणवायूचे चार, असा तो सराट्याच्या काट्यासारखा चार टोकांचा असतो. निसर्गाची सारी कारागिरी हे काटे एकमेकांस कसे जोडावेत, यातच आहे.

या खडकाच्या काही थरांत ऑलिव्हीन नावाच्या हिरवट खनिजाचे कण आढळतात. त्यात प्रत्येक काटा शेजाऱ्यापासून अलग असतो. असे खनिज ऊनपावसापुढे फार काळ टिकत नाही. ऑजाइट नावाच्या काळ्या खनिजात हेच काटे साखळीने जोडलेले असतात. ही झाली एक मिती. खडक कुजून त्याची माती झाली, की तिच्यातील खनिजांत काट्यांचे सपाट पत्रे बनतात. ह्या दोन मिती. काळ्या जमिनीत अशा पत्र्यांच्या मध्ये पाणी शिरते, म्हणून ती पावसाळ्यात फुगते आणि वैशाखात तिला भेगा पडतात. शेतकऱ्याला हे पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक आहे. त्याचे कारण मात्र या पत्र्यांत दडलेले आहे. फेल्स्पार नावाच्या खनिजात काटे तिन्ही दिशांनी जोडले जाऊन भक्कम चौकट उभी राहते, आणि खडकाच्या बळकटीस तिचा मोठा हातभार लागतो.

सर्वांत नवलाची चौकट या खडकाच्या पोकळ्यांत सापडते. शिलारस थंड होताना त्यात वायूचे बुडबुडे अडकून राहिले. पुढे त्यांत झिरपलेल्या पाण्यातून पांढरे, गुलाबी, पारदर्शक स्फटिक वाढले. त्यांतील अनेक झिओलाइट या वर्गाचे आहेत. १७५६ मध्ये स्वीडनच्या क्रोन्स्टेट याने असा स्फटिक तापवला, तेव्हा तो उकळत असल्यासारखा फसफसला. म्हणून त्याने ग्रीक भाषेतून त्यास ‘उकळता दगड’ अशा अर्थाचे नाव दिले. त्याचे कारण असे, की या चौकटीत अतिसूक्ष्म दालने व बोळ असतात आणि त्यांत पाणी वस्तीला असते. कोणत्या झिओलाइटात बोळ एकाच दिशेने जातात, कोणत्यात दोन, तर कोणत्यात तिन्ही दिशांनी एकमेकांस छेदतात. बोळांची दिशा व रुंदी यांवरून कोणता रेणू आत शिरेल आणि कोणता दाराशीच अडेल, हे ठरते. जणू ही अणूंची चाळणीच होय.

या चाळणीचे मोल २०२१ च्या उन्हाळ्यात देशाला कळले. साथीत रुग्णांना प्राणवायू अपुरा पडू लागला. हवेतला नायट्रोजन अडवून प्राणवायू पुढे सोडणाऱ्या यंत्रांत कृत्रिम झिओलाइट लागतो, आणि तो त्या वेळी परदेशांतून विमानांनी आणावा लागला. घाटातला दगड फोडून त्या यंत्रांत भरता आला असता, असे मात्र कोणी समजू नये. त्यासाठी ठरावीक घडणीचा शुद्ध पदार्थच तयार करावा लागतो. पण तो तयार करण्याची विद्या याच स्फटिकांच्या अभ्यासातून वाढली आहे. महाराष्ट्राला ती परकी नाही. १९५० मध्ये सुरू झालेल्या पुण्याच्या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेने झिओलाइटांवर दीर्घकाळ संशोधन केले असून त्यातून उद्योगधंद्यांच्या उपयोगी पडणारे उत्प्रेरकही निर्माण केले आहेत.

उणीव आहे ती प्रयोगशाळा आणि डोंगर यांच्यामधल्या वाटेची. गेल्या शतकाच्या आधीच्या शतकात बोरघाटात लोहमार्ग खोदताना जे स्फटिक निघाले, ते विलायतेच्या संग्रहालयांत जाऊन पोहोचले. शहापुराजवळचा थळघाट १८६५ मध्ये रेल्वेने ओलांडला, तोही याच खडकातून. आज खाणींत सुरुंग उडतो, खडी होते, आणि पोकळीतले स्फटिक तिच्यातच चुरडले जातात. थळघाट चढून गेल्यावर सिन्नर येथे गारगोटी नावाचे खनिजांचे संग्रहालय आहे. तेथे हे वैभव काचेआड पाहावयास मिळते. पण खाणीच्या तोंडाशी असलेल्या शाळेतील मुलांना आपल्या गावच्या दगडाची ओळख कोण करून देणार? एक भिंग, एक हातोडी आणि समजावून सांगणारा शिक्षक एवढे साहित्य मिळाले, तरी या तालुक्यांतील कोणत्याही शाळेत तो अभ्यास सुरू होऊ शकेल. शिकण्याची वस्तू तेथे आधीच हजर आहे.