निकाल पटला नाही तर?
(मिहान येथील साक्षरता वर्गापुढे केलेले भाषण)



शाळेत नाचगाण्याच्या स्पर्धा होतात. एका मुलीला पहिला नंबर मिळतो. दुसरीचा बाप म्हणतो, "परीक्षकाने अन्याय केला. मी कोर्टात जातो." त्याने जावे का? आज याचा विचार करू.

केरळ राज्यात शाळकरी मुलांचा मोठा कलोत्सव भरतो. तो १९५७ साली सुरू झाला. तेथे चांगली श्रेणी मिळाली की शाळेच्या परीक्षेत वाढीव गुण मिळतात. म्हणून आईबाप निकालासाठी भांडतात. आधी अपील समितीकडे जातात, मग हायकोर्टात. डिसेंबर २०२२ मध्ये तेथील हायकोर्टाने असे अर्ज फेटाळले. कोर्टाने आईबापांना बजावले, की जिंकण्यापेक्षा भाग घेणे मोठे. मुलांना हार पचवायला शिकवा.

आता आपल्या महाराष्ट्राचे बघा. उत्तरपत्रिका फेरतपासायची नाही, असा परीक्षा मंडळाचा नियम होता. त्याविरुद्ध विद्यार्थी मुंबई हायकोर्टात गेले आणि जिंकले. पण १९८४ साली सुप्रीम कोर्टाने मंडळाचा नियम योग्य ठरवला. शिक्षणातील जाणकारांच्या मताच्या जागी कोर्टाने सहसा आपले मत घालू नये, असे ते म्हणाले. पुढे नियमच बदलला. आज दहावी-बारावीची उत्तरपत्रिका फेरतपासता येते. ती कागदावर असते. नाच मात्र संपला की संपला. तो पुन्हा तपासायचा कसा?

तुम्ही म्हणाल, "गुरुजी, जमिनीचा मोबदला कमी मिळाला तर आपण कोर्टात जातोच की!" खरे आहे. पण शेजारच्या शेताचे खरेदीखत पाहून जमिनीचा भाव ठरवता येतो. नाचाचे खरेदीखत नसते.

मग अन्याय मुकाट्याने सोसायचा का? मुळीच नाही. परीक्षक स्पर्धकाचा नातेवाईक निघाला, गुणांची बेरीज चुकली, एकीला जास्त वेळ दिला, तर तो नियमभंग आहे. त्याची दाद जरूर मागा. कोर्टही असा नियमभंग बघते. कोण चांगली नाचली, हे ते सहसा ठरवत नाही.

म्हणून तीन गोष्टी करा. स्पर्धेआधी नियम वाचा. तक्रार असेल तर त्याच दिवशी लेखी अर्ज द्या आणि नकलेवर सही घ्या. तेथे दाद लागली नाही तर वरच्या अधिकाऱ्याकडे जा. कोर्ट शेवटी. खटल्याला पैसा लागतो, वेळ लागतो. तोवर लेकरू शाळा सोडून कॉलेजात जाते.

आता तुम्हाला लिहिता-वाचता येते. अर्ज स्वतः लिहा. पण लिहिण्याआधी स्वतःला एक विचारा : नियम मोडला, की फक्त माझे लेकरू हरले? नियम मोडला असेल तर भांडा. लेकरू हरले असेल तर त्याला जवळ घ्या. म्हणा, "बाळा, छान नाचलीस. पुढच्या वर्षी पुन्हा नाच."