वाटाणा आणि आगकाड्या

आमच्या अकोटच्या सतरंज्यांचा उल्लेख जुन्या गॅझेटियरांत आढळतो. मागाशीं जवळून पाहणाऱ्यास नुसतें सूत दिसतें. वेलबुट्टी उमटली आहे हें कळण्यास थोडें मागें सरावें लागतें. हलत्या चित्रांचेंही तसेंच आहे, आणि तीं आपल्याकडे प्रथम हातानें विणणाऱ्या कलावंताविषयीं आज बोलावयाचें आहे.

धुंडिराज गोविंद फाळके यांस आपण ‘राजा हरिश्चंद्रा’चे कर्ते म्हणून ओळखतों, पण ते मूळचे चित्रकार. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेंत व बडोद्याच्या कलाभवनांत ते शिकले. नाटकमंडळ्यांचे पडदे रंगविले, शिळाछापाचा धंदा केला. १९१२ सालीं विम्याच्या पॉलिसी गहाण टाकून त्यांनीं विलायतेहून कॅमेरा आणला. परंतु चित्रपटास भांडवल कोण देणार? तेव्हां त्यांनीं कुंडींत वाटाणा पेरला आणि महिनाभर, कॅमेरा जागचा न हलवितां, त्याचीं एकेक चित्रें टिपलीं. पडद्यावर मिनिटाभरांत अंकुर फुटून रोप डोलूं लागलें, आणि पैसा देणारा भेटला. पुढें ‘हरिश्चंद्रा’चे पडदे, वेष, रंगभूषा हें सारें त्यांनींच योजिलें. फिल्मला भोंकें पाडण्याचें किचकट काम सरस्वतीबाई करीत. ही गोष्ट आपण फार क्वचित् सांगतों.

१९१४ सालीं तीन चित्रपट घेऊन ते लंडनला गेले. तेथेंच राहण्याविषयीं त्यांस विचारणा झाली, त्यांनीं नाकारली. इकडे महायुद्धामुळें सावकारांनीं हात आंखडले. अशा ओढाताणींत, १९१५ सालीं, ‘आगकाड्यांची मौज’ निघाली. फ्रान्समध्यें एमिल कोल यांनीं १९०८ सालीं काड्या नाचविल्या होत्या. काडी तसूभर सरकवावयाची, एक चित्र घ्यावयाचें, पुन्हां सरकवावयाची! सेकंदास १६ चित्रें धरलीं, तर मिनिटास ९६० होतात. कोणी यास पोरखेळ म्हणतात. मला तें पटत नाहीं. नट नाहीं, पोशाख नाहीं, राजवाडा नाहीं. वाड्यांचे पडदे रंगविणारा हात आगपेटीवर आला, तरी नजर कंगाल झाली नाहीं. दोन वर्षांनीं त्याच हातानें ‘लंकादहन’ उभें केलें.

परवां शेजारच्या मुलानें मोबाईलवर हाच खेळ मांडला. बारा काड्या, तासभर खटपट, आणि चित्र चाललें चार सेकंद. “एवढेंच?” म्हणून स्वारी रुसली. मीं त्यास वाटाण्याची हकीकत सांगितली. आतां त्यांच्या खिडकींत एक कुंडी आहे, आणि तिला कोणीं हात लावावयाचा नाहीं अशी घरांत ताकीद आहे.