सैनिकी पोशाख आणि नागरिक

सोलापुराहून हैदराबादेकडे जाणाऱ्या सडकेवर, धाराशिव जिल्ह्याच्या दक्षिण भागांत, बोरी नदीच्या कांठीं नळदुर्गचा किल्ला उभा आहे. १३ सप्टेंबर १९४८ रोजीं भारतीय सैन्य याच वाटेनें निजामाच्या मुलुखांत शिरलें. त्यापूर्वींचें वर्ष या भागांतील खेडुतांनीं विलक्षण धास्तींत काढलें होतें. गांवच्या शिवेवर खाकी दिसली कीं, येणारा निजामाचा पोलीस, फौजेचा शिपाई कीं रझाकार, हें कळेपर्यंत पुष्कळदां उशीर झालेला असे. रझाकार म्हणजे शब्दशः स्वयंसेवक. त्यांचे पुढारी कासीम रझवी हे लातूरचे वकील. आणि लातूर तेव्हां याच, म्हणजे उस्मानाबाद, जिल्ह्यांत मोडत असे. फौजेच्या पटावर नांव नसलेल्या माणसांनीं सैनिकासारखा वेष करावा, हत्यार बाळगावें आणि दरबारानें तिकडे काणाडोळा करावा, असा तो प्रकार होता.

अशा खासगी फौजांचा धोका इतरत्र ओळखला गेला नव्हता असें नाहीं. इंग्लंडांत १९३६ च्या कायद्यानें राजकीय पक्षांचे गणवेश सार्वजनिक ठिकाणीं घालण्यास मनाई झाली. हिंदुस्थानच्या इंग्रज सरकारनेंही ऑगस्ट १९४० मध्यें लष्करी थाटाचे गणवेश व कवाईत यांवर बंदी घातली. अर्थात् तींत सरकारचा स्वतःचा स्वार्थ मोठा होता.

नळदुर्गच्या कथेची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. भारत सरकारनें पाठविलेल्या पंडित सुंदरलाल यांच्या मंडळानें, पोलीस कारवाईच्या काळांत व नंतर मुसलमान रहिवाशांवर सर्वांत अधिक अत्याचार झालेले जे चार जिल्हे नमूद केले, त्यांत उस्मानाबाद होता. आणि लुटींत कांहीं ठिकाणीं सैन्याचीं व पोलिसांचीं माणसेंही सामील होतीं, असें आपल्या अहवालांत लिहिलें. खाकी पाहून थांबावें कीं पळावें, हा प्रश्न या जिल्ह्यांत दोन्ही समाजांस आगेंमागें पडलेला आहे.

पोशाख पाहून लोक वाट देतात, दार उघडतात, हुकुमाचें कारण विचारीत नाहींत. कायद्यास काळजी आहे ती या विश्वासाची. १८६० च्या भारतीय दंडसंहितेचें १४० वें कलम असें होतें कीं, जो सैनिक नाहीं त्यानें, आपण सैनिक आहों असें लोकांनीं समजावें या हेतूनें, सैनिकाचा किंवा त्यासारखा वेष केल्यास त्यास ३ महिन्यांपर्यंत कैद, ५०० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही शिक्षा व्हाव्यात. १ जुलै २०२४ पासून अमलांत आलेल्या भारतीय न्याय संहितेंत हेंच कलम १६८ वें झालें. कैदेची मुदत तीच राहिली. दंड मात्र २,००० रुपयांपर्यंत गेला. मनाई असलेल्या सरकारी जागेंत शिरण्यासाठीं किंवा राज्याच्या सुरक्षिततेस बाध आणण्यासाठीं गणवेश वापरल्यास १९२३ चा शासकीय गुपितांचा कायदा लागतो, आणि तेथें ३ वर्षांपर्यंत कैद आहे. खासगी पहारेकऱ्यांनीं सैन्याच्या वा पोलिसांच्या धर्तीचा पोशाख केल्यास २००५ च्या कायद्यानें एक वर्षापर्यंत कैद किंवा ५,००० रुपयांपर्यंत दंड होऊं शकतो. बंगल्याच्या फाटकाशीं पहारेकरी ठेवतांना त्याच्या पोशाखाकडे मालकांनींही एकदां पाहिलेलें बरें.

‘या हेतूनें’ हे दोन शब्द महत्त्वाचे आहेत. रंगभूमीवर सुभेदाराची भूमिका करणारा नट किंवा प्रजासत्ताक दिनीं आईनें हौसेनें जवान बनविलेलें पोर यांना या कलमाचें भय नाहीं. भरतीच्या तयारीसाठीं पहांटे धांवणारा तरुण ठिपक्याठिपक्यांची विजार घालतो, तोही कोणास फसवीत नसतो. मात्र त्याच विजारीवर सदरा, टोपी आणि बिल्ला चढवून तो टोलनाक्यावर रुबाब करूं लागला कीं गोष्ट पालटते.

विक्रीच्या बाबतींत कायदा फार काळ ढिला राहिला. पोशाख विकणाऱ्या दुकानदारास शिक्षा सांगणारें कलम दंडसंहितेंत नव्हतें, आणि नव्या संहितेंतही तें आलेलें नाहीं. जानेवारी १९१६ नव्हे, अगदीं अलीकडच्या जानेवारी २०१६ मध्यें पठाणकोटच्या विमानतळावर हल्ला करणारे लष्करी पोशाखांत आले होते. त्यानंतर सैन्यानें नागरिकांस असे कपडे न घालण्याची व व्यापाऱ्यांस ते न विकण्याची विनंती केली. विनंतीच, कारण हुकूम काढावयाचा तर तो जिल्हादंडाधिकाऱ्यानें, मनाईच्या अधिकारांत, ठराविक मुदतीपुरताच काढावा लागतो.

१५ जानेवारी २०२२ रोजीं, सेनादिनीं, सैन्याचा नवा रणपोशाख प्रथम लोकांपुढें आला, आणि त्याच वर्षीं त्याच्या नमुन्याची नोंदणी करण्यांत आली. तो नमुना कापून विकणाऱ्यावर आतां सैन्यास दिवाणी दावा लावतां येतो. जुन्या धर्तीचें ठिपक्यांचें कापड मात्र अजून आठवड्याच्या बाजारांत वारावर मोजून मिळतें.