गोव्याचा पहिला दप्तरदार

आमच्या जोयडा तालुक्यात काळी नदीवर सुपा धरण झाले आणि जुने सुपे गाव पाण्याखाली गेले. घरे गेली, वाटा गेल्या, शेतांचे बांध गेले. ज्याचे शेत बुडाले त्याचे नाव मात्र कागदावर राहिले, आणि त्या कागदाच्या आधारेच त्याला आपला हक्क सांगता आला. जमीन बुडाली तरी कागद तरला पाहिजे, हे आम्हांला कोणी शिकवावे लागत नाही. असे कागद राखण्यात ज्याची उतारवयातली वर्षे गेली, अशा एका माणसाची हकीगत आज सांगावयाची आहे. त्याचे नाव दियोगो दो कौतो.

सोळाव्या शतकातील पोर्तुगीज राज्यकारभार हे एक अजब प्रकरण होते. मोझांबिकपासून मकावपर्यंत विखुरलेली ठाणी. त्यांचा कारभार गोव्यातून चाले, आणि गोव्याचा धनी लिस्बनला! मार्च-एप्रिलात तिकडून निघालेले पत्र सप्टेंबरच्या सुमारास गोव्यास पोहोचे, आणि त्याचे उत्तर नाताळाच्या सुमारास सुटणाऱ्या गलबतांनी परत जाई. विचारलेल्या प्रश्नाचे उत्तर हाती पडेपर्यंत दीड वर्ष लोटे. अशा राज्याची स्मृती माणसांच्या डोक्यात राहणे शक्य नव्हते. ती कागदातच राहावयाची.

म्हणून 1595 साली राजा फिलिप याने गोव्यात दप्तरखाना स्थापण्याची आज्ञा दिली आणि त्यावर कौतोची नेमणूक केली. 1542 साली लिस्बनमध्ये जन्मलेला हा गृहस्थ 1559 साली शिपाई म्हणून हिंदुस्थानात आला होता. महाकवी कामोइंश मोझांबिकच्या बेटावर मित्रांच्या अन्नावर दिवस कंठीत होता, ही गोष्ट आपणांस कळते ती याच कौतोच्या लेखणीतून.

दप्तर सांभाळता सांभाळता त्याने पोर्तुगीजांच्या पूर्वेकडील राज्याचा इतिहास लिहावयास घेतला. दैव मात्र अनुकूल नव्हते. सहाव्या खंडाच्या बहुतेक प्रती लिस्बनच्या छापखान्याला लागलेल्या आगीत जळाल्या. आठव्या आणि नवव्या खंडांची हस्तलिखिते तो आजारी असताना चोरीस गेली. म्हातारपणी त्याने ती आठवून आठवून संक्षेपाने पुन्हा लिहिली. एका वृद्ध शिपायाच्या तोंडी संवाद घालून त्याने सरकारी अंमलदारांची लाचखोरीही चव्हाट्यावर मांडली; पण ते पुस्तक छापून निघाले ते 1790 साली. कौतो तर 1616 सालीच गोव्यात निवर्तला होता.

आपल्या इतिहासात त्याने घारापुरीच्या लेण्याचेही वर्णन केले आहे. तेथील एक शिलालेख उचलून पोर्तुगालच्या राजाकडे पाठविला गेला, तो कोणालाही वाचता आला नाही आणि पुढे नाहीसा झाला, असे तो नमूद करतो. विचार करा! लेणे कोणी खोदविले हे ज्या दगडाने कदाचित सांगितले असते, तो दगड हरवला. तो होता, एवढी साक्ष कागदाने दिली. दगडापेक्षा कागद चिवट ठरला, तो केवळ कोणीतरी लिहून ठेवला म्हणून.

ज्या सत्तेने देवळे पाडली, तिच्याच दप्तरात त्या कृत्यांचे पुरावे राहिले. ज्या सोंदे राज्यात आमचा सुपे मुलूख एके काळी मोडत असे, तेथील राजांशी झालेला पत्रव्यवहारही त्या दप्तरात आहे. सत्तरीतील पिसुर्ले गावी 1894 साली जन्मलेले पांडुरंग पिसुर्लेकर विसाव्या शतकात त्याच दप्तराचे प्रमुख झाले, आणि त्यांच्या परिश्रमातून ‘पोर्तुगेज-मराठे संबंध’ हा ग्रंथ 1967 साली मराठी वाचकांच्या हाती आला. पहिल्या दप्तरदाराने कागद राखले ते आपल्या राजासाठी. फळ मिळाले ते आपणांला.

श्रोतेहो, मी शाळामास्तर आहे. शाळेचे जुने दाखले, चर्चमधील बाप्तिस्म्याच्या वह्या, माळ्यावरचे सारापावतीचे पुडके, हीदेखील दप्तरेच होत. त्यांना वाळवी लागू देऊ नका. पावसाळ्यापूर्वी एकदा ती खाली काढा, उन्हे दाखवा, आणि कोणता कागद कशाचा हे मुलांना वाचून दाखवा. न वाचलेला कागद घारापुरीच्या त्या दगडासारखाच होय. तो कधी नाहीसा झाला, हेही कोणाला कळत नाही.