मुदतीचा विचार
(ज्ञातिमंडळाच्या वार्षिक संमेलनात केलेले भाषण)



आज आपल्या ज्ञातीत घरोघरी कोणी ना कोणी नोकरीत आहे. यास्तव आम्ही आज विद्येच्या महतीऐवजी एका रुक्ष विषयावर, म्हणजे मुदतीवर, बोलणार आहोत. त्यास कारण आमच्याच घरचे आहे.

आमच्या धाकट्या भगिनीचे यजमान एका सरकारी कचेरीत कारकून होते. त्यांस डावलून कनिष्ठास बढती मिळाली. ते सल्ल्यास आमच्याकडे आले. ‘शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये’ ही म्हण आम्ही त्यांस ऐकविली आणि विनंती-अर्ज लिहून दिला. आमचे अक्षर चांगले. म्हणून चार वर्षे अर्ज आम्हीच लिहीत राहिलो. पाचव्या वर्षी ‘विचार करता येत नाही’ असे उत्तर आले. आता उत्तराच्या तारखेपासून मुदत मोजली जाईल, या समजुतीने ते न्यायाधिकरणात गेले. अर्ज विलंबाच्या मुद्द्यावरच निकालात निघाला. त्यांची बाजू खरी की खोटी, हे कोणी पाहिलेच नाही.

यात न्यायाधिकरणाचा दोष नव्हता. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम २१ प्रमाणे अंतिम आदेशापासून १ वर्षात अर्ज करावयाचा असतो. नियमांत तरतूद असलेले अपील केले व ६ महिने निर्णय झाला नाही, तर ते ६ महिने संपल्यापासून १ वर्ष मिळते. नियमांत नसलेली निवेदने पुनःपुन्हा केल्याने मुदत वाढत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८९ साली राठोर खटल्यात सांगितले. आणि शिळ्या मागणीस मिळालेल्या उत्तराने मेलेला हक्क जिवंत होत नाही, असे २००८ साली जेकब खटल्यात. दरम्यान इतरांच्या बढत्या होऊन त्यांचे संसार त्यावर उभे राहिलेले असतात, हेही ध्यानात घेतले पाहिजे.

तथापि कायदा निर्दय नाही. ‘पुरेसे कारण’ दाखविल्यास त्याच कलमाखाली विलंब माफ होतो. उशिरा येण्यात पक्षकाराचा सहसा लाभ नसतो, म्हणून अशा अर्जाकडे उदार दृष्टीने पाहावे, हे तत्त्व १९८७ च्या कातिजी खटल्यापासून रूढ आहे. निवृत्तिवेतन चुकीचे ठरल्यास ती हानी दरमहा नव्याने होत असते. तेथे दाद उशिरानेही मिळू शकते, परंतु थकबाकी सामान्यतः मागील ३ वर्षांचीच. खाजगी शाळांतील शिक्षकांनी मात्र विशेष सावध असावे. बडतर्फी वा पदावनतीचा आदेश मिळाल्यापासून शाळा न्यायाधिकरणाकडे अपिलास अवघे ३० दिवस असतात. तेथेही पुरेशा कारणास्तव उशीर माफ होऊ शकतो.

म्हणून आमची विनंती अशी : आदेश हाती पडताच त्यावर तारीख घाला व लिफाफा जपून ठेवा. अर्जाची पोच घ्या. पहिल्याच महिन्यात वकिलास भेटा. स्त्रियांस, उत्पन्न कितीही असो, विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळू शकतो. विधवा भगिनींनी हे विसरू नये. उशीर झालाच, तर विलंब माफीच्या अर्जात तारीखवार खरे कारण लिहा. आजार असल्यास कागद जोडा. नसलेला आजार निर्माण करू नका. ‘साहेबांच्या उत्तराची वाट पाहत होतो’ हे कारण बहुधा पुरेसे ठरत नाही.

आयुष्यभर आम्ही मुलांस वेळेवर शाळेत येण्यास शिकविले आणि घरच्या माणसास मात्र चार वर्षे वाट पाहावयास लाविले. भगिनीने आम्हांस कधी बोल लावला नाही. त्यामुळे ते शल्य अधिकच सलते. आपल्यापैकी एका घरी जरी या भाषणामुळे वेळीच कागद दाखल झाला, तरी आमचे ऋण अंशतः फिटले असे आम्ही समजू.